मागच्या रांगेसाठी

सातवीत क्रीडादिनाच्या दिवशी माइक माझ्या हातात आला तो अगदी ऐनवेळी. निवेदन करणारा दहावीतला दादा तापाने आजारी पडला आणि मराठीच्या बाईंनी मला हाताला धरून टेबलापाशी नेलं. रिले सुरू झाली. मी नुसतीच "चला, चला!" ओरडत होते. बाई कानाशी वाकून म्हणाल्या, "अगं, मागच्या रांगेतल्या पोरांना काहीच दिसत नाहीये. त्यांच्यासाठी बोल." मग बॅटन कुणाच्या हातात आहे, वळणावर कोण पुढे गेलं, हे मी सांगायला लागले.

टीव्हीवर हॉकीचं समालोचन करायला बसले तेव्हा पहिला धडा मिळाला तो नेमका उलटा. दिसतंय ते सांगू नकोस! मैदान डोळ्यांसमोर असलं तरी नजर मॉनिटरवर ठेवायची, कारण प्रेक्षकाला तेवढंच दिसतं. हेडफोनमध्ये दिग्दर्शकाचा आवाज चालू असतो, "रिप्ले येतोय, पाच, चार, तीन..." आणि तोंडातलं वाक्य शून्याच्या आत पुरं करायचं असतं. गोल झाला की गप्प राहायचं. हे गप्प राहणं अंगवळणी पडायला मला सगळ्यात जास्त वेळ लागला.

त्या खुर्चीपर्यंत पोहोचायलाच नऊ वर्षं गेली होती. त्याआधी मैदानाच्या कडेला उभं राहून मुलाखती घेतल्या, स्टुडिओत सूत्रसंचालन केलं. चुरशीच्या क्षणी बाईचा आवाज कानाला टोचतो, असं मला तोंडावर सांगितलं गेलं. गेल सीरेन्स यांनी १९८७ मध्ये अमेरिकेतल्या एनएफएल या अमेरिकन फुटबॉलच्या लीगमधल्या सामन्याचं एनबीसी वाहिनीवर थेट वर्णन केलं. तसं करणाऱ्या त्या पहिल्या. नियमित हंगामातल्या सामन्याला दुसरी बाई, बेथ मोविन्स, बसायला २०१७ उजाडलं. मधल्या तीस वर्षांत चांगले आवाज नव्हते, हे मला कुणी पटवून देऊ शकणार नाही. आपल्याकडे २०१५ च्या आयपीएलमध्ये अंजुम चोप्रा, इसा गुहा, लिसा स्थळेकर आणि मेल जोन्स समालोचनाला बसल्या, त्या संध्याकाळी टीव्हीसमोर मला रडू आवरेना.

आता सामना सुरू झाला की बाईंची मागची रांग मला पुन्हा दिसते. चित्र सगळ्यांसमोर असतं, पण त्यात नेमकं कुठे बघायचं हे ठाऊक नसलेलं कुणीतरी असतंच. पेनल्टी कॉर्नर, म्हणजे बचावाच्या चुकीमुळे गोल करायची मिळालेली संधी, आला की सगळ्यांचे डोळे कडेवरून चेंडू मैदानात ढकलणारीवर खिळतात. बचावाच्या पाचच जणी गोलरेषेमागे असतात, बाकीच्या मध्यरेषेपलीकडे. मी म्हणते, त्या पाचांतली सगळ्यात आधी सुटणारी बघा, चेंडू अंगावर येणार हे माहीत असून ती फटक्याच्या रेषेत धावते. एवढं सांगून मी थांबते. पुढचं त्यांचं त्यांना दिसतं.