डॉर्चेस्टरमध्ये भेटलेलं पुणं

लंडनचे चार दिवस गर्दीत आणि भुयारी रेल्वेत गेले. पाचव्या दिवशी वॉटर्लूहून गाडी पकडली आणि दुपारी दक्षिण इंग्लंडमधल्या डॉर्चेस्टरला उतरलो. कादंबरीकार टॉमस हार्डीचं हे गाव, नवरा त्यासाठीच आला होता. मला मात्र ‘कीप’ बघायचं होतं. जुन्या बराकींचं हे किल्ल्यासारखं दगडी प्रवेशद्वार. आता तिथे डेव्हन आणि डॉर्सेट या दोन काउंट्यांच्या पायदळांचं संग्रहालय आहे.

आत येणारे बहुतेक जण हिटलरच्या मेजापाशी घोळका करतात. मी थांबले ती डॉर्सेटशायर रेजिमेंटच्या टोपीवरच्या बिल्ल्यापाशी. तळहातात मावेल एवढ्या धातूत जिब्राल्टरचा किल्ला आणि किल्ली, वर स्फिंक्स, आणि खाली लॅटिनमध्ये ‘प्रायमस इन इंडिस’. म्हणजे हिंदुस्थानात पहिले. १७५४ मध्ये आपल्याकडे आलेली इंग्लंडच्या राजाची पहिली पलटण हीच, तेव्हाची ३९ वी. १८८१ मध्ये ती ५४ व्या पलटणीशी जोडली गेली आणि डॉर्सेटशायर रेजिमेंट झाली.

तिच्या लढायांच्या यादीत ‘महाराजपूर’ वाचलं आणि पोटात काहीतरी हललं. २९ डिसेंबर १८४३, ग्वाल्हेरजवळ, समोर शिंद्यांची फौज. त्या लढाईत हिसकावलेल्या तोफांचं ब्राँझ वितळवून जिंकणाऱ्यांसाठी पदकं केली होती. आपल्या तोफा, त्यांच्या छातीवर. राग आला, आणि तो यायलाच हवा असं मला वाटतं.

तेवढ्यात तिथे देखरेखीला असलेल्या म्हाताऱ्या गृहस्थांनी विचारलं, कुठून आलात? पुण्याहून, म्हटलं. ते एकदम खुलले. “पूना! आमची दुसरी बटालियन तिथेच होती.”

खरंच होती. ऑगस्ट १९१४ मध्ये युद्ध पेटलं तेव्हा डॉर्सेटची दुसरी बटालियन पुण्यात होती. तिथून ती सहाव्या पूना डिव्हिजनबरोबर निघाली आणि नोव्हेंबरात इराकच्या टोकाला फाओला उतरली. तिच्याच ब्रिगेडमध्ये होती ११७ वी मराठा पलटण. महाराजपूरला समोरासमोर उभे राहिलेल्यांची पोरं-नातवंडं आता एका रांगेत. एप्रिल १९१५ ला शैबाला दोघं एकत्र लढले, नोव्हेंबरात टेसिफॉनला दोघांनी प्रचंड माणसं गमावली, आणि डिसेंबरात दोघंही तुर्कांनी कुत-अल-अमाराला घातलेल्या वेढ्यात अडकले. १४७ दिवस. गोऱ्या शिपायांनी घोडे-खेचरं खाल्ली. आपल्यातल्या बहुतेकांनी ते मांस कित्येक आठवडे नाकारलं आणि अर्धपोटी पहारे दिले. २९ एप्रिल १९१६ ला शरणागती झाली. डॉर्सेटचे साधारण ३५० जण कैद झाले, त्यांतले जेमतेम ७० जिवंत परतले.

हे सांगताना गृहस्थांचा आवाज खाली आला. शंभर वर्षांपूर्वीच्या, कधी न पाहिलेल्या माणसांसाठी. त्यांनी मला खुर्ची दिली, चहाचं विचारलं. अख्ख्या सहलीत इतक्या मायेनं कुणी बोललं नव्हतं. (आमच्या लॉजच्या मालकीणबाईंनी तर दार उघडतानाच नियमांचा कागद हातात ठेवला होता.)

दुसऱ्या दिवशी जवळच्या एका खेड्यात चर्चबाहेर महायुद्धात गेलेल्यांच्या आठवणीचा दगडी क्रूस दिसला. पायथ्याशी कागदी पॉपी फुलांचं चक्र, पावसानं भिजून रंग उतरलेलं. वर नावं कोरलेली, एकाच आडनावाचे दोघं. मी एकेका अक्षरावरून बोट फिरवलं आणि रडू फुटलं.

कारण आमच्या सातारा जिल्ह्यातल्या गावीही असा दगड आहे. चावडीच्या भिंतीत. या गावातून इतकी माणसं महायुद्धात गेली, पैकी चौघांनी प्राण दिले. एवढंच. नाव एकाचंही नाही. इराकमधल्या बसऱ्याच्या भव्य युद्धस्मारकावरही तेच केलं. डॉर्सेटच्या साध्या शिपायाचं नाव कोरलं, आणि आपल्या शिपायांचा मात्र पलटणीमागे नुसता आकडा. एकाच वाळूत मेलेल्या माणसांमध्ये हा भेद करणाऱ्यांना मी माफ करू शकत नाही. पण गेली इतकी वर्षं पंधरा ऑगस्टला त्या दगडाला चुना लावणारे आम्हीच ना? आम्ही तरी कुठे विचारलं, हे चौघे कोण?

हार्डीचं घर बघितलं, समुद्र बघितला. त्यातलं फार काही आठवत नाही.

त्या रात्री आईला फोन केला. म्हटलं, वरच्या आळीतल्या आबांना विचार, त्यांच्या घरातलं कुणी गेलं होतं का. दोन दिवसांनी तिचा उलट फोन आला. तीन नावं मिळाली, तिघांच्या घराण्यात अजून माहीत आहेत. चौथा कोण ते कुणालाच आठवत नाही. आबा म्हणाले, खालच्या वाड्यातला असेल, पण ती माणसं मुंबईला गेली त्याला साठ वर्षं झाली.