ध्रुवीकरण: पाण्यावरची झळाळी आणि पूर्व भाग

दुपार कलल्यावर सोलापूरच्या सिद्धेश्वर तलावाच्या काठावरून पोलराइज्ड चष्म्यातून पाहिले, की पाण्यावरची झळाळी एकदम ओसरते आणि चष्मा हातात धरून काटकोनात फिरवताच परत येते; कारण पाण्याच्या पृष्ठभागाला लंब असलेल्या रेषेशी सुमारे ५३ अंशांच्या कोनात परावर्तित झालेल्या प्रकाशाची कंपने केवळ आडव्या दिशेने उरतात. परावर्तनाने होणारे हे ध्रुवीकरण फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ मालूस यांना १८०८ मध्ये उमगले.

समाजातील ध्रुवीकरणाचे प्रकरण अधिक गुंतागुंतीचे आहे. सोलापूरच्या पूर्व भागात मागांच्या खडखडाटात तेलुगूभाषक पद्मशाली विणकरांची वस्ती वाढली, ती पोटापाण्यासाठी आणि नात्यागोत्यांच्या ओढीने. परंतु अमेरिकी अर्थशास्त्रज्ञ थॉमस शेलिंग यांनी १९७१ मध्ये मांडलेल्या प्रतिमानानुसार, काही शेजारी तरी आपल्यासारखे असावेत एवढ्या सौम्य अपेक्षेनेही, कुणाच्या मनात द्वेष नसताना, सारे शहर तुकड्यांत विभागले जाऊ शकते. निवडणुकीत उमेदवार हेच तुकडे हेरून बोलतात आणि माझ्या मते भेग तिथेच रुंदावते.

जीवशास्त्रात मात्र (इथे नाक मुरडण्याचे कारण नाही) अशा दुभंगावाचून, म्हणजे ध्रुवीकरणावाचून, चालत नाही: सी. एलिगन्स या कृमीच्या फलित अंड्यात ‘पार’ प्रथिनांचे दोन गट एकमेकांना विरुद्ध टोकांकडे हुसकावतात आणि पहिल्याच विभाजनात पुढची पेशी मोठी, मागची लहान होते.