बिग पन ऐकायचा असेल तर श्वासाकडे कान द्या

न्यूयॉर्कला आलेल्या पाहुण्यांची वारी बहुधा मॅनहॅटनमध्येच संपते. रॅप आवडत असेल, तर 2 नंबरची सबवे धरून ब्रॉन्क्समध्ये इंटरव्हेल अव्हेन्यूला उतरा. जवळच रॉजर्स प्लेसवर रॅपर बिग पनचं भिंतीएवढं चित्र आहे, टॅट्स क्रूच्या ग्राफिटी कलाकारांनी काढलेलं. पन 2000 च्या फेब्रुवारीत हृदयविकाराने गेला, तेव्हा 28 वर्षांचा होता.

खरं नाव क्रिस्टोफर रिओस, घर पोर्टो रिकन. जिवंतपणी त्याचा एकच सोलो अल्बम आला: ‘कॅपिटल पनिशमेंट’, 28 एप्रिल 1998. त्याच्या अमेरिकेत 10 लाख प्रती गेल्या आणि या टप्प्यापर्यंत, म्हणजे प्लॅटिनमपर्यंत, पोचलेला तो पहिला लॅटिनो सोलो रॅपर ठरला. ब्रॉन्क्सच्या पोर्टो रिकन पोरांनी ब्रेकडान्स आणि ग्राफिटी ही रॅपची भावंडं सुरुवातीपासून जोपासली होती, म्हणून इथल्या गल्ल्यांना या प्लॅटिनमचं अप्रूप फार.

तेव्हा टुपॅक आणि बिगी हे दोन्ही बडे रॅपर मारले गेले होते. रेडिओला गुळगुळीत, गाणाऱ्या गळ्याची धून हवी होती, तर जाणकारांना शब्दांची कुस्ती. पनने दोन्ही एकाच अल्बमवर घेतलं. ‘स्टिल नॉट अ प्लेअर’मध्ये ‘जो’ नावाच्या गायकाचं धृपद आहे आणि ते रेडिओवर गाजलं. पण सुरुवात तिथून करू नका, पनची खरी ताकद त्यात कळत नाही.

आधी फॅट जो या रॅपरबरोबरचं ‘ट्विन्झ’ लावा. ठेका संगीत-निर्माता डॉ. ड्रेचा, 1992 चा. पहिल्यांदा शब्द सोडून द्या आणि पायाने 4 मात्रा मोजा. स्नेअर, म्हणजे ड्रमचा कडक ठोका, दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर पडतो. मिनिटाला 90 मात्रांचा ठेका असेल, तर 4 मात्रांचा एक बार पावणेतीन सेकंदांच्या आत संपतो आणि 16 बारांचं कडवं साधारण 43 सेकंदांत. दुसऱ्यांदा पन श्वास कुठे घेतो तेवढंच ऐका. नवखा रॅपर बार संपला की थांबतो, त्यामुळे यमक ओळीच्या टोकालाच बसतं. पन बार ओलांडून पुढे जातो, म्हणून यमकं ओळीच्या पोटात, एकाला एक चिकटून येतात. लिटल इटलीचा उल्लेख येतो ती ओळ शोधा: ‘इडल’ आणि ‘इटल’ यांच्या नादावर अख्खी ओळ चालते. प्रचंड वजनाच्या माणसाने हा दम कुठून आणला, याचं मला अजून नवल वाटतं. तिसऱ्या वेळी मात्र शब्द समोर ठेवा, कानाने सगळे पकडता येत नाहीत.

भाषा शिवराळ आहे, हिंसाही भरपूर, तेव्हा हेडफोन लावा. फोनच्या स्पीकरवर खालचा बास पोचत नाही आणि ठेका पोकळ वाटतो. जुनी सीडी घेत असाल, तर पालकांसाठीचा काळा-पांढरा इशारा छापलेलीच घ्या. ‘क्लीन’ प्रतीत शिव्या गाळलेल्या असतात आणि पनची यमकं कित्येकदा त्याच अक्षरांवर टेकलेली असल्यामुळे साखळी मध्येच तुटते.