आजची ओपीडी, सगळी खाजच खाज

कपाशीवर फवारणी जोरात, वरून हा दमट उकाडा. आज अर्धी लाइन खाजेचीच होती. केसपेपरवरचं निदान आयसीडी-१० च्या, म्हणजे आजारांच्या आंतरराष्ट्रीय यादीच्या, कोडमध्ये बसवणं हे माझं काम. त्वचेचं प्रकरण एल०० ते एल९९, पण आपल्याकडचे नेहमीचे पाहुणे तिथे राहतच नाहीत. गजकर्ण बुरशीचं, म्हणून संसर्गात: अंगावरचं बी३५.४, जांघेतलं बी३५.६. खरूज बी८६. कुष्ठरोग ए३०. (मेडिकलवरून आणलेली स्टेरॉइडची ट्यूब चोळून आलेल्यांचं गजकर्ण तर डॉक्टरांनाही पटकन ओळखू येत नाही.)

एका काकांच्या पेपरवर नुसतंच ‘स्किन ॲलर्जी’. मी सहज विचारलं, तर म्हणाले, “पंप गयते भाऊ, म्हून पाठ जयते.” (पंप गळतो, म्हणून पाठ जळते.) सदरा वर केला. पंपाच्या पट्ट्याच्या रेघेत लालबुंद चट्टा, मधे फोड. पेपर घेऊन परत डॉक्टरांकडे गेलो. गर्दीत त्यांचाही नाइलाजच असतो म्हणा. त्यांनी पुन्हा तपासून ‘कीटकनाशकामुळे त्वचादाह’ असं लिहून दिलं. एल२४.५. मोघम ॲलर्जी म्हणून वर गेलं असतं, तर तक्त्यात फवारणीचा मागमूस राहिला नसता.

काकांना उद्या परत फवारायचंच आहे. आधी पंपाचं वायसर बदला, असं डॉक्टरांनी बजावलंय.