भिंतीआडचा शत्रू पाठवायचाच नाही: आमच्या सर्व्हरची प्रगती

गोडो या गेम इंजिनवर बनवलेला आमचा पाच-विरुद्ध-पाच शूटर गेम एक पायरी वर चढला. वॉलहॅक (भिंतीपलीकडचे शत्रू दाखवणारं चीट) लावून बसलं तरी आता भिंतीमागे जवळपास काही सापडत नाही.

चीट पकडायच्या भानगडीत आम्ही पडलोच नाही. व्हॅलोरंट गेमच्या व्हॅनगार्डसारखा, विंडोजच्या गाभ्यात बसून चीट पकडणारा कर्नल ड्रायव्हर लिहिणं आपल्या आवाक्याबाहेरचं, आणि इंदूरच्या सुदामा नगरच्या भिया लोकांना 'माझा ड्रायव्हर तुमच्या विंडोजमध्ये टाका' असं सांगायची माझी हिंमतही नाही. शिवाय डीएमए कार्डवाला (मेमरी थेट वाचणारं हार्डवेअर लावणारा चीटर) गेमची मेमरी दुसऱ्याच मशीनवरून वाचतो. त्यापेक्षा शत्रूची जागा क्लायंटकडे, म्हणजे खेळाडूच्या मशीनकडे, जाऊच द्यायची नाही. व्हॅलोरंटचं फॉग ऑफ वॉर हेच करतं. 1996 च्या क्वेकचा सर्व्हरसुद्धा पीव्हीएसबाहेरचे (त्या जागेवरून दिसू शकणाऱ्या भागाबाहेरचे) खेळाडू पाठवत नसे, अर्थात बँडविड्थ वाचवायला.

हिशेब असा: दर टिकला (सर्व्हरच्या हिशेबाच्या प्रत्येक फेरीला) प्रत्येकाच्या डोळ्यापासून प्रत्येक शत्रूभोवतीच्या बॉक्सच्या आठ कोपऱ्यांकडे रेकास्ट, म्हणजे मध्ये भिंत आहे का हे पाहणारा किरण. 10 खेळाडू, 50 जोड्या, 400 किरण. सेकंदाला 64 टिक, म्हणजे 25,600 किरण. एवढं माझा जुना डबाही ओढतो. खरी डोकेदुखी पिंगची, म्हणजे नेटवर्कच्या विलंबाची. दिसायच्या क्षणी पाठवलेला शत्रू कोपऱ्यावर एकदम उगवतो, म्हणून बॉक्स फुगवावा लागतो. धावायचा वेग सेकंदाला 5 मीटर, पिंग आणि इंटरपोलेशन (हालचाल सलग दिसावी म्हणून क्लायंट मुद्दाम ठेवतो तो उशीर) मिळून 150 मिलिसेकंद, म्हणजे 75 सेंटिमीटर. दोघंही कोपऱ्याकडे धावत असले तर दीड मीटर. तेवढी झलक चीटरला मिळतेच. पुण्याच्या मावसभावाचं पिंग धरून हा आकडा ठरवलाय. इंदुरातल्या इंदुरात खेळलो तर निम्म्यातही भागेल.

गेमचा नकाशा इंदूरच्या राजवाड्याचा आहे. सराफ्याकडच्या बोळांत ही युक्ती मस्त चालते, चौकात तिचा उपयोग शून्य, कारण तिथे सगळे सगळ्यांना दिसतातच. वरच्या मजल्यांच्या लाकडी गॅलऱ्यांनी मात्र छळलं. आठही किरण कठड्याच्या दांड्यांवर आपटायचे आणि फटीतून दिसायला हवा तो माणूस गायब! आता कठड्यांना वेगळा कोलिजन लेयर (कशाला काय अडवायचं ते ठरवणारा थर) दिलाय: गोळी अडते, नजर अडत नाही.

एमबॉटवर (आपोआप नेम धरणाऱ्या चीटवर) यातलं काही लागू पडत नाही. समोर दिसणाऱ्या शत्रूची जागा पाठवावीच लागते, आणि त्याला तेवढंच पुरतं.

सध्या अडलंय पावलांच्या आवाजावर. आवाज वाजवायचा तर जागा सांगावी लागते, म्हणजे पुढच्या दाराने लपवलेलं मागच्या दाराने बाहेर. ती जागा 2 मीटरच्या चौकटीत ढोबळ करून पाहतोय, पण हेडफोनवर पावलं उड्या मारत चालल्यासारखी वाटतात. कोणी फक्त दिशा आणि आवाजाची पातळी पाठवून पाहिलंय का?