ऐरोलीची गच्ची: उंचीतली लाट अखेर पकडली

मागच्या नोंदीतला, गच्चीवरच्या जीपीएस अँटेनाचा काइनेमॅटिक पीपीपीचा (एकाच रिसीव्हरवरून क्षणाक्षणाची अचूक जागा काढायची पद्धत) आलेख आठवतोय? उंची दिवसातून दोनदा सेंटिमीटर-दीड सेंटिमीटर वर-खाली. बहुतेकांनी शेजारच्या पाण्याच्या टाकीवर मल्टिपाथचा (आदळून, परावर्तित होऊन येणाऱ्या सिग्नलचा) आळ घेतला होता. मीही असं परावर्तन रोखणाऱ्या चोक रिंग अँटेनाचे भाव काढून बसलो होतो (डोळे पांढरे झाले, ते सोडा).

टाकी निर्दोष आहे. जीपीएसची आकाशातली मांडणी नाक्षत्र दिवसाने परतते, म्हणजे मल्टिपाथची खूण रोज सुमारे ४ मिनिटं आधी दिसायला हवी. सगळ्या दिवसांचे निकाल एकाखाली एक लावले तर लाट रोज पाऊण तासाहून जरा जास्तच उशिरा! भरतीही रोज तेवढीच उशिरा येते; तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ काढणाऱ्याला पुढचं सांगायला नको. भरतीच्या पाण्याचं ओझं भूकवचाला दाबतं आणि गच्चीही खाली जाते. हेच ओशन टाइड लोडिंग (ओटीएल); त्यातला एम२, म्हणजे चंद्रामुळे दिवसातून दोनदा येणाऱ्या भरतीचा घटक, आवर्तन १२ तास २५ मिनिटं.

पण स्वीडनच्या चाल्मर्स विद्यापीठाच्या सेवेवरून मागवलेली बीएलक्यू फाइल (जागेनुसार ओटीएलचे आकडे) आरटीकेपोस्टला (आरटीकेलिब या सॉफ्टवेअर संचातला जागा काढणारा प्रोग्राम) दिलेली होती, ओटीएलची दुरुस्ती चालू होती. मग लाट उरलीच कशी? महासागराचं मॉडेल बदलून दुसरी फाइल दिली, तरी निकाल शेवटच्या दशांशापर्यंत तोच. तिथे पाल चुकचुकली. सोर्स कोड उघडला. आरटीकेलिब बीएलक्यूमधलं स्टेशनचं नाव रिनेक्स (जीपीएस निरीक्षणांची फाइल) हेडरच्या मार्कर नेमशी, म्हणजे तिथल्या स्टेशनच्या नावाशी, ताडून बघतं. जुळलं नाही तर दुरुस्ती शून्य, आणि पडद्यावर चकार शब्द नाही. रिसीव्हरच्या डेटाची रिनेक्स करून देणारं कॉन्वबिन तर सांगितल्याशिवाय मार्कर नेम भरतच नाही. इतक्या गुणी सॉफ्टवेअरने निदान एक इशारा द्यावा की नाही?

कॉन्वबिनला ‘-एचएम’ हा पर्याय लावून नाव भरलं, पुन्हा चालवलं. लाट जवळपास सपाट! तो आलेख मी चहा गार होईस्तोवर बघत बसलो.

सूर्यास्तानंतरच्या सायकल स्लिप (सिग्नलच्या लाटांची मोजणी मध्येच तुटणं) आहेतच. विषुववृत्तीय आयनोस्फिअरपुढे आपलं काही चालत नाही. ‘लो-लॉस’ म्हणून विकलेली केबल मात्र बदलली, एल२चा (जीपीएसच्या दुसऱ्या वारंवारितेचा) सिग्नल लगेच सुधारला.

आता प्राइड पीपीपी-एआर या दुसऱ्या पीपीपी सॉफ्टवेअरकडे वळणार होतो. पण लिहिता लिहिता सुचलं: ओटीएल मुद्दाम बंद ठेवून एम२चा आयाम (लाटेची उंची) आणि कला (लाटेची वेळ) आपणच काढली आणि चाल्मर्सच्या आकड्यांशी ताडली तर? के१, के२ हे भरतीचे दुसरे घटक जीपीएसच्या आवर्तनातच अडकतात, एम२ वेगळा पडतो. एस२पासून (सूर्याच्या १२ तासांच्या घटकापासून) तो सुटा करायला पंधरवडा तरी सलग डेटा हवा. प्राइड थांबेल. आधी यूपीएसची बॅटरी बदलतो.