दार लाव आधी

शनिवार, रात्री सव्वाबारा. रामबाग, इंदूर

आज तिसऱ्या प्रकरणाची अठरा पानं बाद केली. दोन वर्षं ज्या कारागिरांबद्दल लिहितेय, त्यांची मलाच नीट ओळख नव्हती.

माझ्या कादंबरीत काळोखाचं काम करणारी एक गुप्त श्रेणी, म्हणजे कारागिरांचा संघ, आहे. सोनार सोनं घडवतो तसे हे लोक काळोख घडवतात. झोप उडालेल्यांसाठी त्याची पांघरुणं विणतात, आटत चाललेल्या विहिरींच्या तळाशी तो भरतात, आणि जन्माला येणाऱ्या प्रत्येक बाळाच्या डोळ्यात बाहुली बसवतात. ही शेवटची कल्पना मला फार प्रिय आहे. डोळ्यातली बाहुली म्हणजे खरं तर एक भोक. आत गेलेला उजेड परत फिरत नाही म्हणून ती काळी दिसते. तेवढा काळा ठिपका नसेल तर उजेडाला आत यायला वाटच नाही.

‘श्रेणी’ हा शब्द मंदसौरच्या शिलालेखाने दिला. लाट देशातून, म्हणजे आजच्या दक्षिण गुजरातेतून, रेशीम विणकरांची एक श्रेणी आपल्या माळव्यात दशपुराला, म्हणजे आजच्या मंदसौरला, आली. इ.स. ४३६मध्ये त्यांनी तिथे सूर्याचं देऊळ उभं केलं, ४७३मध्ये त्याची डागडुजी केली आणि वत्सभट्टी नावाच्या कवीकडून सगळं श्लोकांत रचून दगडावर कोरून घेतलं. त्यांच्यातले काही विणकामातच राहिले, काही धनुर्विद्येकडे वळले, काही ज्योतिषाकडे, तर काही चक्क गोष्टी सांगण्याकडे! हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा किती तरी वेळ मी तिथेच थांबले होते.

सूर्यासाठी देऊळ बांधणारे विणकर दगडावर नाव कोरतात, मग काळोखाचे कारागीर काहीच लिहून ठेवत नसणार, असं मी ठरवलं. इथवर ठीक होतं. पण ते लपून का राहतात, याचं उत्तर म्हणून शपथा घातल्या, मुखवटे घातले, फितुराची जीभ कापायची शिक्षा घातली. सगळं उसनं. वाचताना मलाच ते खोटं वाटायचं आणि तरी मी पुढे लिहीत राहायचे.

आज संध्याकाळी आई काजळ धरायला बसल्या. सासूबाई ब्याऐंशीच्या आहेत, पण पुतणीच्या बाळाचं बारसं आहे आणि तीट घरच्याच काजळाची हवी, हा त्यांचा हट्ट. (डोळ्यात घालायचं नाही, डॉक्टरांनी बजावलंय. गालावर टिकली, बस्स.) एरंडेलाची पणती, कापसाची जाड वात, दोन वाट्यांवर पालथं घातलेलं काशाचं ताट.

मी नेहमीसारखी दारात उभी राहून बघत होते. त्या मान वर न करताच म्हणाल्या, “दार लाव आधी. पंखा बंद कर. ज्योत हलली की काजळी उडून जाते.”

मी आत येऊन दार लावलं. मग त्यांनी वाट्या सरकवून ताट आणखी खाली घेतलं. ज्योत विझेल म्हटलं, तर म्हणाल्या, “विझत नाही. गुदमरते. गुदमरल्याशिवाय धरत नाही ती.”

खरंच आहे. हवा कमी पडली की तेल पुरतं जळत नाही, आणि जे जळायचं राहतं तेच ताटाला काळं होऊन चिकटतं. दोन वर्षं माझे कारागीर रात्री रानात जाऊन काळोख गोळा करत होते. तो तर दिव्यापाशीच निघतो! आणि दार लावायचं ते गुपित राखायला नाही, वारा लागू नये म्हणून. बाहेरचे लोक बंद दार बघतात आणि आत करणी चालली आहे असं समजतात. मीही तेच समजत होते, माझ्याच माणसांबद्दल.

मागच्या हिवाळ्यात धार जिल्ह्यातल्या बाग गावी कापडावरची छपाई बघायला गेलो होतो, तेही आता आठवतंय. हिरड्यात भिजवलेल्या कापडावर हिराकस (लोखंडाचा क्षार) आणि चिंचोक्याच्या खळीचा ठसा पडला की तिथे काळं उमटतं. हिरड्यातला तुरटपणा आणि लोखंड भेटले की झालं. मला आधी वाटलं होतं, काळा रंग कुठून तरी आणून लावत असतील.

आईंनी ताट उलटं केलं तेव्हा काजळी मखमलीसारखी दिसत होती, काशाची चमक कुठे उरलीच नव्हती. बोटाने ती गोळा करून त्यांनी तुपात कालवली आणि चांदीच्या डबीत भरली. माझ्याकडे बघून म्हणाल्या, “शिकून घे. मी किती दिवस पुरणार?” मला काही बोलता आलं नाही. उद्या मी धरणार आहे, त्यांच्यासमोर.

कादंबरीत आता शपथा नाहीत, मुखवटे नाहीत. एक म्हातारी आहे, पालथं ताट आहे आणि दारात घुटमळणारी नवी पोर आहे. श्रेणीचं नावही बदललं : कज्जलश्रेणी. त्या पोरीला काय गमवावं लागेल ते अजून सुचलेलं नाही.

नव्या तिसऱ्या प्रकरणाचं पहिलं वाक्य मात्र लिहून ठेवलंय. म्हातारी मान वर न करता म्हणते, “दार लाव आधी.”